मोठी गोळी की लहान? १९३२ सालचा एक निर्णय

या मालेत आपण काही निर्णयांचा इतिहास बघत आहोत. निर्णय कोणी घेतला, कशाच्या आधारावर घेतला आणि त्याची किंमत कोणी मोजली, एवढे तीनच प्रश्न हाताशी धरून. आजचा निर्णय एका रायफलीबद्दलचा आहे. तत्त्वज्ञान शिकवण्यात आयुष्य गेलेल्या माणसानं रायफलीवर काय बोलावं, असं काही जणांच्या मनात येईल. येऊ द्या. आम्हाला या विषयात रस आहे तो बंदुकीमुळे नाही. एका साध्या प्रश्नाचं उत्तर माणसं किती निरनिराळ्या वाटांनी शोधतात, ते इथे फार स्वच्छ दिसतं.

प्रश्न असा होता. अमेरिकन पायदळाला नवी सेमी-ऑटोमॅटिक रायफल द्यायची, तर तिची नळी ०.३० इंचाची ठेवायची की ०.२७६ इंचाची? मिलिमीटरमध्ये सांगायचं तर ७.६२ की ७? फरक जेमतेम सहा दशांश मिलिमीटरचा. या सहा दशांशावर दहा वर्षं खर्ची पडली, दोन मोठे कारागीर एकमेकांसमोर उभे राहिले, डुकरं आणि शेळ्या मेल्या, आणि शेवटी एका जनरलनं सगळ्यांच्या शिफारशीवर काट मारली.

आधी शब्द नीट समजून घेऊ, कारण या विषयात निम्मा गोंधळ शब्दांचाच असतो. बोअर किंवा कॅलिबर म्हणजे नळीच्या आतला व्यास. पण गोळीचा जोर फक्त व्यासावर ठरत नाही. गोळीचं वजन किती, काडतुसात दारू किती, नळी किती लांब, यावर तो ठरतो. कलाश्निकॉवची ७.६२ आणि आपल्या जुन्या एसएलआरची ७.६२, आकडा एकच. पण कलाश्निकॉवचं काडतूस ३९ मिलिमीटर लांबीच्या कोशाचं आणि एसएलआरचं ५१ चं. दोघांच्या जोरात पुष्कळ अंतर आहे. तेव्हा आज आम्ही ‘मोठं’ आणि ‘लहान’ म्हणू तेव्हा पूर्ण काडतूस डोळ्यांसमोर ठेवा.

आणि सेमी-ऑटोमॅटिक म्हणजे? चाप एकदा ओढला की एक गोळी सुटते, आणि पुढची गोळी रायफल आपली आपण भरून घेते. हातानं बोल्ट मागंपुढं करायचा नाही. ऐकायला छान वाटतं. पण त्याचे परिणाम बघा. गोळ्या भराभर सुटणार, म्हणजे सैनिकाला त्या जास्त न्याव्या लागणार, म्हणजे ओझं वाढणार. नळी तापणार. आणि हे सगळं काम करणारी यंत्रणा ज्या जोरावर चालायची तो जोर त्याच काडतुसाचा. काडतूस दांडगं असेल तर यंत्रणाही दांडगी हवी, नाहीतर ती मोडते. हातानं भरायच्या रायफलीत काडतूस मोठं असलं तरी निभावत होतं. सेमी-ऑटोमॅटिकमध्ये तोच प्रश्न अवघड झाला.

धक्क्याचंही सांगायला हवं. आम्ही कॉलेजात होतो तेव्हा चीनच्या युद्धानंतरची एनसीसीची सक्ती होती. पहिल्यांदा ‘थ्री नॉट थ्री’ हातात आली त्या दिवशी उस्तादांनी दहा वेळा बजावलं होतं, दस्ता खांद्यात घट्ट दाबून धरा. आम्ही धरला नाही. आठवडाभर खांदा निळा होता. आणि खरी गोष्ट अशी, की दुसरी गोळी झाडताना आमचं लक्ष नेमापेक्षा खांद्याकडे जास्त होतं. जेमतेम सतरा वर्षांचा, पन्नास किलोचा मुलगा. सैन्यात भरती होणारी पोरं यापेक्षा फार वेगळी नसतात. कागदावर गोळीचा जोर मोजणाऱ्याला हा खांदा दिसत नाही.

आता कारागिरांकडे वळू. जॉन पेडरसन हे नावाजलेले बंदूक-रचनाकार. त्यांचं म्हणणं होतं, की आधी काडतूस बदला, मग रायफल करा. त्यांनी ०.२७६ चं काडतूस स्वतः आखलं आणि त्याभोवती रायफल रचली. रायफल हलकी, धक्का सौम्य. खोट एकच होती, पण मोठी. त्यांच्या यंत्रणेत रिकामा कोश सुरळीत बाहेर यावा म्हणून काडतुसांवर मेणाचा पातळ लेप द्यावा लागे. युद्धाच्या चिखलात, धुळीत मेण लावलेली काडतुसं! आपल्यापैकी ज्यांनी उन्हाळ्यात मेणबत्ती ट्रंकेत ठेवली असेल त्यांना सैन्याधिकाऱ्यांची काळजी समजेल.

दुसरे जॉन गॅरंड. जन्म १८८८, कॅनडातल्या क्वेबेकमधला. १९१९ पासून मॅसॅच्युसेट्समधल्या स्प्रिंगफील्ड शस्त्रागारात पगारी नोकर. त्यांची पहिली रचना काडतुसाच्या बुडाशी असलेल्या टोपीच्या हालचालीवर चालणारी होती. पुढे काडतुसाची दारू बदलली, टोपी घट्ट दाबून बसवायला सुरुवात झाली, आणि वर्षानुवर्षांची मेहनत निकामी झाली. गॅरंडनी ती बाजूला ठेवली आणि नळीतल्या वायूच्या दाबावर चालणारी नवी रायफल करायला घेतली. लेपाची गरज नाही. या रायफलीतून पुढे लाखोंनी रायफली निघाल्या, आणि या माणसाला रॉयल्टी म्हणून काही मिळालं नाही. काँग्रेसमध्ये त्यांना एक लाख डॉलर द्यावेत असं विधेयक आलं होतं, तेही मंजूर झालं नाही. असो.

मग आलं १९२८. गोळीचा आकार ठरवायचा तर ती शरीराचं नेमकं काय करते ते तपासलं पाहिजे, असं ठरलं. भूल दिलेल्या डुकरांवर तीन आकारांच्या गोळ्या वेगवेगळ्या अंतरांवरून झाडल्या. ०.२५६, ०.२७६ आणि ०.३०. मग शवविच्छेदन, जखमांची मापं, नोंदी. सैन्यात या समितीचं नावच पडलं ‘पिग बोर्ड’.

निष्कर्ष सगळ्यांना चकवणारा होता. जवळच्या अंतरांवर सर्वांत लहान गोळीनं केलेल्या जखमा सर्वांत भयंकर निघाल्या. कारण वेगवान हलकी गोळी शरीरात शिरली की तोल सोडते, कोलांटी घेते आणि आपला सगळा जोर तिथेच ओतते. जड गोळी त्या मानानं सरळ पार निघून जाते. लांबच्या अंतरावरही तिन्ही गोळ्या माणूस निकामी करायला पुरेशा होत्या. समितीनं मधला आकार सुचवला, ०.२७६. १९३० मध्ये शंकेखोरांसाठी शेळ्यांवर पुन्हा प्रयोग झाला. त्यातून काही वेगळं निघालं नाही.

इथे जरा थांबू या. हे अहवाल ज्या भाषेत लिहिलेले असतात ती भाषा आम्हाला वर्गात अनेकदा उपयोगी पडली. ‘परिणामकारकता’. ‘क्षमता’. ‘निकामी करणे’. डुकराच्या जागी कोण आहे हे सगळ्यांना माहीत असतं आणि कोणी म्हणत नाही. आमचा एक विद्यार्थी एकदा म्हणाला होता, सर, यात नीतीचा प्रश्न कुठे येतो, ते तर फक्त मोजतायत. आम्ही त्याला विचारलं, मोजायला काय घेतलं ते कोणी ठरवलं? पण त्याच श्वासात हेही सांगायला हवं, की न मोजता पोरांच्या हातात काहीतरी देणं हे काही जास्त नैतिक नाही. डुकरांबद्दल आम्हाला वाईट वाटतं. तरी त्या समितीतल्या लोकांनी आपलं काम प्रामाणिकपणे केलं, असंच आमचं मत आहे.

आपल्या न्यायशास्त्रात प्रमाण आणि प्रमेय असे दोन शब्द आहेत. जाणण्याचं साधन आणि जाणायची वस्तू. पिग बोर्डचं प्रमाण चोख होतं. पण वॉशिंग्टनमध्ये ज्याची चिंता होती ते प्रमेय वेगळंच होतं.

जानेवारी १९३२ मध्ये समितीनं गॅरंडची ०.२७६ ची रायफल स्वीकारावी अशी शिफारस केली. तिच्या क्लिपमध्ये दहा काडतुसं बसत, ०.३० च्या नमुन्यात आठ. शिवाय ०.३० च्या नमुन्याच्या बोल्टला १९३१ च्या चाचणीत तडा गेला होता. सगळं लहान गोळीच्या बाजूनं. आणि फेब्रुवारीत सेनाप्रमुख डग्लस मॅकआर्थर यांनी नकार दिला. रायफल हवी, पण ०.३० चीच.

ही गोष्ट साधारणपणे अशी सांगतात, की शहाणे तज्ज्ञ एकीकडे आणि आडमुठा जनरल दुसरीकडे. मॅकआर्थरबद्दल आम्हाला फारसं प्रेम नाही. त्याच वर्षीच्या जुलैत याच गृहस्थांनी पहिल्या महायुद्धातल्या माजी सैनिकांना, आपल्या हक्काचा बोनस मागायला वॉशिंग्टनला आलेल्या सैनिकांना, फौज घालून हुसकावलं. पण रायफलीच्या बाबतीत आडमुठेपणा म्हणून विषय संपवणं म्हणजे अभ्यास टाळणं.

१९३२ हे साल मंदीचं. सैन्याच्या खर्चाला कात्री. पहिल्या महायुद्धानंतर ०.३० च्या काडतुसांचे साठे गोदामांत पडलेले, ती बनवणारी यंत्रं कारखान्यांत उभी. सैन्याच्या मशीनगन ०.३० च्या, ब्राउनिंगची ऑटोमॅटिक रायफल ०.३० ची, हाती असलेल्या स्प्रिंगफील्ड रायफली ०.३० च्या. आता एका पलटणीत दोन प्रकारची काडतुसं आली, की प्रत्येक पेटी, प्रत्येक खेचर, प्रत्येक ट्रक दोन हिशेब मागणार. मशीनगनवाल्याच्या गोळ्या संपल्या तर शेजारच्या रायफलवाल्याच्या पट्ट्यातल्या त्याला चालणार नाहीत. शिवाय नव्या काडतुसासाठी काँग्रेसकडे पैसे मागायचे, आणि ते मिळेपर्यंत रायफल कागदावरच.

मॅकआर्थरना नाही म्हणता आलं याचं आणखी एक कारण होतं, ते फार कमी लोक सांगतात. शस्त्र विभागानं गॅरंडकडून ०.३० चा नमुना आधीच करून घ्यायला लावला होता. बोल्टला तडा गेला तरी तो नमुना मोडीत काढला नव्हता. दुसरी वाट जिवंत ठेवलेली होती. ती नसती, तर जनरलसाहेबांच्या नकारानंतर गॅरंडना पुन्हा शून्यापासून सुरुवात करावी लागली असती. बोल्ट सुधारला, आणि जानेवारी १९३६ मध्ये ती रायफल एम-वन या नावानं अधिकृत झाली. वजन सव्वाचार किलोच्या वर. सुरुवातीला वायूच्या यंत्रणेत दोष निघाले, ते दुसऱ्या महायुद्धाच्या तोंडावर दुरुस्त झाले. युद्धकाळात अशा चाळीस लाखांच्या आसपास रायफली बनल्या.

आता नियतीचा एक विनोद. डिसेंबर १९४१ मध्ये जपाननं फिलिपिन्सवर हल्ला केला तेव्हा तिथे सेनापती होते हेच मॅकआर्थर. बटानच्या द्वीपकल्पात वेढल्या गेलेल्या सैन्यात फिलिपिन स्काउट्सकडे नव्या एम-वन होत्या, आणि फिलिपिनो सैन्यातल्या पुष्कळ पोरांकडे पहिल्या महायुद्धातल्या जुन्या एनफील्ड रायफली. बाहेरून रसद बंद. पण दोन्ही रायफली ०.३० च्या, मशीनगनही ०.३० च्या. एका पेटीतली काडतुसं दोघांना चालत होती. पुढे ग्वाडालकॅनालवर मरीन सैनिक जुन्या स्प्रिंगफील्ड घेऊन उतरले आणि मागून आलेल्या लष्करी तुकड्या एम-वन घेऊन, तिथेही तेच. बटान पडलं ते पडलंच. काडतूस एक असलं म्हणून भूक आणि मलेरिया थांबत नाहीत. पण दहा वर्षांपूर्वीचा तो नकार तिथे उपयोगी पडला, हे मान्य करायला हवं.

उलट उदाहरणंही आहेत. इटलीनं १९३८ मध्ये ६.५ मिलिमीटरवरून ७.३५ वर जायचं ठरवलं आणि युद्ध येताच दोन वर्षांत माघार घेऊन पुन्हा ६.५ वर आली. जपानचं ६.५ वरून ७.७ वर जाणं कधी पूर्ण झालंच नाही. युद्धभर दोन्ही काडतुसं चालू राहिली. बघा, हे लहानाकडून मोठ्याकडे निघाले होते. दिशा महत्त्वाची नाही. घर बांधून होत नाही तोच पाया बदलायला घेतला, की घरातल्या माणसांचे हाल होतात.

पण लहान-मोठं म्हणजे तरी काय? १९३२ मध्ये ०.३० ला ‘मोठी’ म्हणत होते. चाळीस वर्षं मागं जा. १८९२ मध्ये अमेरिकेनं ०.४५ इंची जुनी रायफल सोडून ०.३० ची क्राग घेतली तेव्हा हीच ‘स्मॉल बोअर’ होती, आणि एवढीशी गोळी माणूस पाडेल का म्हणून लोक नाकं मुरडत होते. आपल्याकडे इंग्रजांचं तेच झालं. मार्टिनी-हेन्रीची जाडजूड शिशाची गोळी गेली आणि ०.३०३ आली. १८९५ च्या चित्रालच्या मोहिमेनंतर तक्रार निघाली, की या बारीक गोळीनं धावून येणारा पठाण थांबत नाही. मग कलकत्त्याजवळच्या दमदमच्या कारखान्यात गोळीचं टोक उघडं ठेवून ती शरीरात फुलेल अशी व्यवस्था केली. तीच ती दमदम गोळी; १८९९ च्या हेग परिषदेत असल्या गोळ्यांवर बंदी आली. दर पिढीला आपल्या आजोबांची गोळी भरवशाची वाटते. नातवंडांची म्हणजे खेळणं.

मॅकआर्थरचं समर्थन आम्ही इथवर केलं. आता पुढचा भाग, तिथे मात्र आमचं मत उलटं आहे.

दुसऱ्या महायुद्धात जर्मनांनी आणि रशियनांनी आखूड काडतुसं आणली. कारण अनुभव सांगत होता, की रायफलवाला सैनिक सहसा तीनशे मीटरच्या आतच झुंजतो. त्यापलीकडचं काम मशीनगन आणि तोफा करतात. ब्रिटिशांनीही धडा घेतला आणि ७ मिलिमीटरचं आटोपशीर काडतूस व ईएम-टू ही रायफल तयार केली. एप्रिल १९५१ मध्ये ॲटलींच्या सरकारनं ती स्वीकारल्याचं जाहीर केलं. पण अमेरिका ७.६२ वर अडून बसली. ऑक्टोबरमध्ये चर्चिल सत्तेवर आले, त्यांनी ती रायफल रद्द केली, आणि काही काळानं नाटोचं काडतूस ७.६२ बाय ५१ ठरलं. कारण तेच सांगितलं, सगळ्यांचं काडतूस एक हवं.

कारण तेच, पण परिस्थिती तीच नव्हती. या खेपेला सगळेच नवं काडतूस घेत होते. कारखाने तसेही बदलायचे होते. मंदी नव्हती. जुन्या साठ्याची अडचण आता खरी राहिली नव्हती, तिची सवय राहिली होती. १९५२ मध्ये अमेरिकन सैन्यासाठीच नॉर्मन हिचमन यांनी केलेल्या अभ्यासातही निघालं, की जवळच्या अंतरासाठी लहान काडतूस बरं. तो अहवाल त्या वेळी मागं पडला. आणि ज्यांनी मित्रांना ७.६२ घ्यायला लावलं त्यांनीच दहा-बारा वर्षांत, व्हिएतनामच्या काळात, ५.५६ ची एम-सिक्स्टीन उचलली. ७.६२ चं एक काडतूस साधारण २४ ग्रॅमचं, ५.५६ चं १२ ग्रॅमच्या आसपास. तेवढ्याच ओझ्यात दुप्पट गोळ्या. ‘५.५६ घेतली कारण शत्रू मरण्यापेक्षा जखमी झाला तर त्याला उचलायला आणखी दोघं अडकतात’, असं आपल्याकडे फार ऐकू येतं. मागाहून चिकटवलेलं स्पष्टीकरण आहे ते. निवड झाली वजनावर आणि खांद्यावर.

आपला संबंध इथे येतो. १९६२ मध्ये आपले जवान हातानं भरायच्या थ्री नॉट थ्री घेऊन नेफात उभे होते. समोर चिन्यांकडे आखूड काडतुसाच्या सेमी-ऑटोमॅटिक कार्बाइनी. पराभवाची कारणं पुष्कळ होती, रस्ते, थंडी, नेतृत्व. पण हा फरक जवानांच्या तोंडी राहिला. मग ईशापूरच्या कारखान्यात बेल्जियन एफएएलच्या धर्तीवर आपली एसएलआर बनू लागली, ७.६२ बाय ५१ ची. ही एफएएल बेल्जियन रचनाकारांनी सुरुवातीला आखूड काडतुसांसाठी आखली होती. ब्रिटिशांच्या त्या ७ मिलिमीटरसाठीही तिचे नमुने झाले होते. नाटोच्या निर्णयानंतर तिला मोठं केलं. म्हणजे वॉशिंग्टनमधल्या आग्रहाचं ओझं आपल्या पोरांनी साडेचार किलोच्या रायफलीसकट हिमालयात वाहिलं. आणि तरी तिच्यावर जीव टाकणारे निवृत्त सुभेदार आम्हाला भेटले आहेत. ‘एक गोळी, एक माणूस,’ असं ते म्हणतात. त्यांच्याशी वाद घालायची आमची प्राज्ञा नाही.

नव्वदच्या दशकात इन्सास आली, ५.५६ ची, पुण्यात पाषाणच्या प्रयोगशाळेत आखलेली. कारगिलच्या थंडीत तिची प्लॅस्टिकची मॅगझिनं तडकल्याच्या तक्रारी झाल्या. यातला दोष बोअरचा नव्हता, पण नाव बोअरचंही खराब झालं. २०१९ मध्ये सुमारे ७२ हजार ४०० सिग रायफलींचा करार झाला, त्या पुन्हा ७.६२ बाय ५१ च्या. त्याशिवाय अमेठीजवळ कोरव्यात कलाश्निकॉवच्या ७.६२ बाय ३९ च्या रायफली. ५.५६ अजून वापरात आहेच. खानदेशातल्या आमच्या श्रोत्यांनी वरणगावच्या कारखान्यातल्या कामगारांना विचारावं, निरनिराळ्या मापांची काडतुसं म्हणजे काय असतं ते. आणि अमेरिकेनं २०२२ मध्ये काय निवडलं? ६.८ मिलिमीटर.

प्रश्नोत्तरांत पहिल्या रांगेतल्या एका ताईंनी विचारलं, की सर, तुम्ही मॅकआर्थरच्या जागी असता तर काय केलं असतं? त्यांना दिलेलं उत्तर इथेही नोंदवतो. १९३२ मध्ये आम्हीही ०.३० वरच सही केली असती, पण पिग बोर्डचा अहवाल फडताळात न टाकता, वीस वर्षांनी जो कोणी त्या खुर्चीवर बसेल त्याच्या टेबलावर ठेवा, असा शेरा मारून. ताई म्हणाल्या, तो वाचला असता का? आम्ही म्हटलं, विद्यापीठात आम्ही असे पुष्कळ अहवाल लिहिले आहेत, तेव्हा हा प्रश्न आम्हाला विचारू नका.